‘दिवसाला फक्त दोनच’ आणि इतर प्रश्न

धूम्रपान, प्रजननक्षमता आणि गर्भारपण या विषयावर आलेल्या पत्रांमध्ये एक शब्द हटकून सापडला: ‘फक्त’. फक्त दोन, फक्त गॅलरीत, फक्त हुक्का, फक्त नवराच ओढतो. म्हणून सुरुवात तिथूनच. पत्रं थोडक्यात दिली आहेत, नावं गाळली आहेत.

प्रश्न : मला सहावा आठवडा चालू आहे. आधी दिवसाला आठ-दहा सिगारेटी व्हायच्या. दिवस राहिल्याचं कळल्यावर दोनवर आणल्या. एकदम बंद केलं तर शरीराला धक्का बसून बाळाला त्रास होतो, असं मैत्रीण म्हणते. दोन चालतील ना?

उत्तर : आधी मैत्रिणीचं. सिगारेट एकदम सोडल्याने गर्भाला इजा होत नाही. दारूचं किंवा अफूजन्य पदार्थांचं जुनं व्यसन गर्भारपणात एकाएकी तोडणं मात्र खरोखर धोक्याचं ठरू शकतं. तिथे डॉक्टरांच्या देखरेखीखालीच उपचार करावे लागतात. तो नियम लोक सिगारेटलाही लावून मोकळे होतात. निकोटिन सुटताना चिडचिड, झोपमोड, वखवख, कशात मन न लागणं हे सगळं होतं, पण ते सोसावं लागतं आईला.

आता दोनचं. सिगारेटच्या धुरात सात हजारांहून अधिक रसायनं असतात. पोटातल्या बाळाच्या दृष्टीने त्यांपैकी दोन सर्वांत आधी लक्षात घ्यायची. पहिला कार्बन मोनॉक्साइड वायू. हिमोग्लोबिनला तो ऑक्सिजनपेक्षा दोनशे पटींहून अधिक घट्ट चिकटतो आणि ऑक्सिजनची जागा अडवून बसतो. बाळाच्या रक्तात त्याचं प्रमाण आईच्या रक्तातल्यापेक्षाही थोडं जास्त भरतं. शिवाय जो ऑक्सिजन उरतो, तोही हिमोग्लोबिन सहजासहजी सोडत नाही, त्यामुळे पेशींपर्यंत पोहोचणारा वाटा आणखी घटतो. गर्भ मुळातच आपल्यापेक्षा कितीतरी कमी ऑक्सिजनवर वाढत असतो, त्याच्याकडे शिल्लक अशी काही नसते. दुसरं निकोटिन. ते रक्तवाहिन्या आवळतं, म्हणजे वारेकडे जाणारं रक्त कमी होतं. आणि ते स्वतः वार ओलांडून बाळाच्या रक्तात आणि गर्भजलात उतरतं. बाळ गर्भजल गिळत असतं, त्यामुळे तेच निकोटिन पुन्हा पुन्हा त्याच्या अंगात जातं.

आठाच्या दोन केल्या म्हणजे हानी पावपट झाली, हा हिशोब मात्र दोन कारणांनी चुकतो. एक तर शरीराला निकोटिनच्या ठरावीक पातळीची सवय झालेली असते. सिगारेटी कमी केल्या की माणूस नकळत झुरके खोल घेतो, धूर जास्त वेळ छातीत धरतो, थोटूक बोटांना भाजेपर्यंत ओढतो. दोन सिगारेटींतून चारांचा माल वसूल होतो. ‘लाइट’ सिगारेटीतही हीच गफलत आहे: फिल्टरवरच्या बारीक छिद्रांतून हवा मिसळावी अशी ती रचना असते, पण ओढणाऱ्याची बोटं आणि ओठ नेमके त्याच छिद्रांवर बसतात. दुसरं कारण असं की हानीचा आलेख सरळ रेषेत चढत नाही. धूम्रपान करणाऱ्या आईच्या बाळाचं वजन सरासरीने दीडशे ते अडीचशे ग्रॅम कमी भरतं, आणि यातली बरीचशी घट पहिल्या काही सिगारेटींतच होऊन जाते. पुढे आलेख सपाट होत जातो. झोपेत अचानक होणाऱ्या अर्भकमृत्यूचा धोका तर दिवसाला एकाच सिगारेटीनेही सुमारे दुप्पट होतो.

म्हणून दोन नव्हे, शून्य. शेवटच्या सिगारेटीनंतर एक-दोन दिवसांत कार्बन मोनॉक्साइड रक्तातून जवळपास निघून जातो, म्हणजे पहिला फायदा परवापासूनच. पंधराव्या आठवड्याच्या आत पूर्ण सोडणाऱ्या स्त्रियांमध्ये वेळेआधी प्रसूती आणि खुरटलेली वाढ यांचं प्रमाण कधीच न ओढणाऱ्यांच्या जवळपास आल्याचं दिसलं आहे. तुमच्या हातात अजून नऊ आठवडे आहेत, असा अर्थ मात्र यातून काढू नका. चौथ्या ते दहाव्या आठवड्यात हृदय, ओठ, टाळू घडत असतात, आणि तो काळ तुमचा आत्ता चालू आहे.

प्रश्न : पाळी चुकल्याचं उशिरा लक्षात आलं. पहिले पाच-सहा आठवडे रोज सिगारेट चालू होती. बाळात व्यंग असेल का? गर्भपात करून घ्यावा का?

उत्तर : एवढ्या कारणासाठी नको. दुभंगलेल्या ओठाचा किंवा टाळूचा धोका आईच्या धूम्रपानाने साधारण एक तृतीयांशाने वाढतो. आकडा मोठा वाटतो, पण मूळ धोकाच सातशे जन्मांमागे एक असा आहे. तो वाढून पाचशे-सव्वापाचशेमागे एक होतो, म्हणजे उरलेली पाचशेच्या आसपास बाळं या व्यंगाविना जन्मतात. हृदयाच्या पडद्याच्या काही दोषांशीही संबंध आढळला आहे. आजपासून बंद करा आणि अठराव्या ते बाविसाव्या आठवड्यातली सविस्तर सोनोग्राफी चुकवू नका. दुभंगलेला ओठ तिच्यात बहुतेक वेळा दिसतो. फक्त टाळू दुभंगलेली असेल तर ती मात्र सोनोग्राफीत निसटू शकते, म्हणून जन्मानंतर बाळाच्या तोंडात बघून घ्यायला सांगा.

प्रश्न : विसाव्या आठवड्याच्या सोनोग्राफीत ‘वार खाली आहे’ असं आलं. डॉक्टरांनी लगेच ‘सिगारेट ओढता का?’ असं विचारलं. याचा त्याच्याशी काय संबंध?

उत्तर : थेट संबंध आहे. रक्त आणि ऑक्सिजन कमी मिळायला लागले की वार जास्त जागा व्यापून ती तूट भरून काढायला बघते. ती पातळ आणि रुंद पसरते, आणि पसरताना गर्भाशयाच्या तोंडाकडे सरकण्याची शक्यता वाढते. धूम्रपान करणाऱ्यांमध्ये अशी खाली बसलेली वार जास्त आढळते. विसाव्या आठवड्यात खाली दिसलेली बहुतेकांची वार गर्भाशय वाढेल तशी वर जाते, म्हणून लगेच धास्ती घेऊ नका. बत्तिसाव्या आठवड्याच्या सुमारास पुन्हा सोनोग्राफी करतात. तोवर संबंध, जड उचलणं आणि प्रवास यांबद्दल तुमच्या डॉक्टरांना विचारून घ्या.

याच्याहून घातक प्रकार म्हणजे प्रसूतीआधीच वार सुटणं. वारेच्या मागच्या बारीक रक्तवाहिन्या खराब होऊन फुटतात, मागे रक्त साठतं आणि वार गर्भाशयाच्या भिंतीपासून उचकटते. धूम्रपानाने हा धोका दीड ते दोन पट होतो. दोन्हींतला रक्तस्राव ओळखता आला पाहिजे. वार खाली असल्यास सहसा दुखत नाही, लालभडक रक्त जातं. वार सुटल्यास पोट दगडासारखं कडक होतं, सतत दुखतं, पाठीतूनही कळ येते, आणि बाहेर रक्त कधी कधी अगदी थोडं किंवा अजिबात दिसत नाही, कारण ते आतच साठलेलं असतं. ‘रक्त कुठे जातंय, मग थांबू’ असं म्हणत घरी बसून राहणं हीच इथली सर्वांत महाग पडणारी चूक. दोन्ही परिस्थितींत तासभरही न थांबता रुग्णालय गाठायचं. घरी बोटाने तपासणी करायची नाही, करू द्यायची नाही.

याशिवाय ३७ आठवड्यांच्या आत प्रसूती, कळा सुरू होण्याआधीच पाणमोट फुटणं, पोटातच बाळ दगावणं या सगळ्यांचं प्रमाण धूम्रपानाने वाढतं. ओढत असाल किंवा नुकतंच सोडलं असेल, तर बाळाची वाढ मोजणाऱ्या सोनोग्राफी थोड्या जास्त वेळा कराव्या लागू शकतात आणि नाळेतल्या रक्तप्रवाहाचा डॉपलरही. अठ्ठावीस आठवड्यांनंतर बाळाची नेहमीची हालचाल कमी वाटली तर त्याच दिवशी दाखवा.

प्रश्न : सिगारेट ओढणाऱ्यांना गर्भारपणात बीपी वाढण्याचा धोका कमी असतो, असं वाचलं. खरं की थाप?

उत्तर : आकडेवारी खरी आहे. प्रीएक्लॅम्प्सिया, म्हणजे गर्भारपणात बीपी वाढून होणारा गंभीर आजार, धूम्रपान करणाऱ्या स्त्रियांमध्ये खरोखर काहीसा कमी दिसतो, आणि त्याचं कोडं संशोधकांना बरीच वर्षं पडलेलं आहे. पण ज्या ओढणाऱ्या स्त्रीला तो होतोच, तिच्या बाळाची अवस्था न ओढणारीच्या बाळापेक्षा वाईट असते. आणि वर सांगितलेली संकटं आहेतच. एका खिशात चार आणे वाचवायचे आणि दुसऱ्या खिशातून रुपये सांडायचे, असा हा प्रकार.

प्रश्न : लग्नाला अडीच वर्षं झाली. माझ्या सगळ्या तपासण्या नीट आहेत. यांचा वीर्याचा रिपोर्टही ‘नॉर्मल’ आहे, पण दिवसाला पंधरा-वीस सिगारेटी असतात. ‘रिपोर्ट चांगला आहे, मग सोडायची कशाला’, असं ते म्हणतात.

उत्तर : नेहमीच्या वीर्यतपासणीत संख्या, हालचाल आणि आकार बघतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२१ च्या मापदंडांनुसार एका मिलिलिटरमध्ये १ कोटी ६० लाख शुक्राणू, एकूण हालचाल ४२ टक्के आणि नीट आकाराचे ४ टक्के ही खालची मर्यादा आहे. तिच्या वर आकडे आले की ‘नॉर्मल’ लिहिलं जातं. शुक्राणूच्या डोक्यात जो डीएनए भरलेला असतो, तो धड आहे की तुटलेला, हे या तपासणीत कळतच नाही. नेमका तिथेच धुराचा घाव बसतो. धुरातली रसायनं आणि कॅडमियमसारखे धातू शुक्राणूंवर ऑक्सिडेशनचा ताण आणतात. शुक्राणूकडे स्वतःची दुरुस्ती करण्याची सोय जवळपास नसते. तुटक्या डीएनएचा शुक्राणू बीज फळवू शकतो, पण पुढे गर्भ रुजत नाही किंवा सुरुवातीलाच पडतो. मग दोष सवयीने बायकोत शोधला जातो.

शिवाय संख्या आणि हालचालही धूम्रपानाने सरासरीने घटते. ‘नॉर्मल’ हा त्यांचा स्वतःचा उच्चांक आहे असं समजायचं कारण नाही. लिंगाला ताठरता आणणाऱ्या रक्तवाहिन्या हृदयाच्या वाहिन्यांपेक्षा बारीक असतात, त्यामुळे धुराचा परिणाम तिथे आधी जाणवतो, हेही त्यांच्या कानावर घाला.

यात आशेची बाजू भक्कम आहे. शुक्राणू तयार व्हायला सुमारे ७४ दिवस लागतात, पुढे पक्व होऊन बाहेर यायला आणखी दोन-एक आठवडे. म्हणजे आज सोडलं तर तीन महिन्यांनी निघणारी पिढी पूर्णपणे धुराशिवाय घडलेली असते. तीन महिन्यांनी तपासणी पुन्हा करा. नमुना देण्याआधी दोन ते सात दिवसांचं अंतर ठेवा, आणि दोन्ही वेळा ते सारखंच ठेवा, नाहीतर तुलना फसते. मधल्या काळात मोठा ताप येऊन गेला असेल तर तेही सांगा, त्यानेही आकडे पडतात. सिगारेट चालू ठेवून वर अँटिऑक्सिडंटच्या गोळ्या घेणं म्हणजे नळ उघडा ठेवून लादी पुसणं.

प्रश्न : माझं वय ३१. मूल तीन-चार वर्षांनी हवंय. तेव्हा सिगारेट सोडली तर चालेल का?

उत्तर : पुरुषांसारखी तीन महिन्यांची सवलत इथे नाही. शुक्राणू रोज नव्याने तयार होतात. स्त्रीच्या बाबतीत मात्र बीजांचा सगळा साठा जन्माच्या वेळीच अंगात असतो आणि तो फक्त कमी होत जातो. धुरातली काही हायड्रोकार्बन रसायनं ही गळती वेगवान करतात. म्हणूनच धूम्रपान करणाऱ्या स्त्रियांची पाळी सरासरीने एक ते चार वर्षं आधी जाते. गेलेली बीजं सोडल्यावर परत येत नाहीत, पुढची गळती तेवढी मूळ गतीवर येते. आणि पस्तिशीच्या आसपास ही चार वर्षं फार मोलाची असतात.

दुसरी जागा गर्भनलिका. तिच्या आतल्या अस्तरावर सूक्ष्म केस असतात. लाटेसारखे हलत ते बीजाला आणि फळलेल्या गर्भाला गर्भाशयाकडे ढकलतात. धुराने त्यांची लय बिघडते, नलिकेचं आकुंचनही मंदावतं, आणि गर्भ वाटेतच अडकून नलिकेत रुजू शकतो. जितक्या सिगारेटी जास्त, तितका हा धोका चढत जातो. पाळी चुकल्यावर गर्भारपणाच्या सहाव्या ते आठव्या आठवड्यात ओटीपोटात एका बाजूला कळ, खांद्याच्या टोकाला दुखणं, चक्कर किंवा थोडं काळपट रक्त अशी लक्षणं दिसली तर ‘पाळी उशिरा आली असेल’ म्हणून झोपून राहू नका. नलिका फुटली तर पोटात रक्तस्राव होऊन जीव धोक्यात येतो.

आयव्हीएफ करायचं ठरलं तरी यातून सुटका नाही. ओढणाऱ्या स्त्रियांना गर्भ राहायला जवळपास दुप्पट प्रयत्न लागतात. इंजेक्शनांचा खर्च आणि यातना ज्यांनी पाहिल्यात, त्यांना या दुपटीचा अर्थ वेगळा सांगायला नको.

प्रश्न : मी ओढत नाही, पण सासरे आणि नवरा दोघंही ओढतात. माझ्यासाठी म्हणून गॅलरीत जातात. तेवढं पुरेसं आहे का?

उत्तर : खोलीत ओढण्यापेक्षा बरं, पुरेसं नाही. दुसऱ्याच्या धुरानेही बाळाचं वजन घटतं, स्वतः ओढण्याएवढं नाही तरी मोजता येण्याइतकं. गर्भ पोटातच दगावण्याचा धोकाही वाढतो. गॅलरीचं दार उघडं असलं की धूर आत येतोच. पंखा किंवा एअर कंडिशनर तो फिरवतो, काढत नाही. उदबत्ती आणि सुगंधी फवारा वास झाकतात. माणूस आत आल्यावरही काही मिनिटं त्याच्या श्वासातून कण बाहेर पडत राहतात, आणि कपडे, पडदे, गादी, गाडीची सीट यांत मुरलेलं निकोटिन कित्येक आठवडे टिकतं.

घरात आणि गाडीत पूर्ण बंदी, अपवाद पावसालाही नाही. ओढायचं तर इमारतीच्या बाहेर, वेगळा सदरा किंवा जाकीट घालून, ते दाराबाहेर काढून. आत आल्यावर हात-तोंड धुऊन, आणि बाळ आल्यावर त्याला घेण्याआधी थोडा वेळ थांबून. एवढे सोपस्कार रोज पाच-सहा वेळा करावे लागले की काही जण कंटाळून कमी करतात, हा आडून मिळणारा लाभ. नवरा ओढत असेल तर बायकोला सोडणं आणि सोडलेलं टिकवणं दोन्ही अवघड जातं, म्हणून आमचा सल्ला दोघांनी एकाच तारखेला सोडण्याचा.

प्रश्न : सिगारेट सोडून हुक्का, व्हेप किंवा नुसती तंबाखू चघळली तर? धूर नाही, म्हणजे त्रास नाही ना?

उत्तर : हुक्क्यात धूर आहेच. पाण्यातून गेल्याने तो थंड होतो, गाळला जात नाही. कोळशामुळे कार्बन मोनॉक्साइड उलट भरपूर मिळतो, आणि तासाभराच्या बैठकीत आत जाणारा धूर एका सिगारेटीच्या अनेक पट असतो. तंबाखू चघळताना कार्बन मोनॉक्साइड नसतो हे खरं, पण निकोटिन गालातून बराच वेळ झिरपत राहतं आणि रक्तातली पातळी लवकर उतरत नाही. कमी वजन, वेळेआधी प्रसूती आणि मृत बाळ जन्मणं या तिन्हींशी चघळण्याच्या तंबाखूचा संबंध सिद्ध आहे. व्हेपमध्ये जळण्यातून येणारी विषं कमी असतात, पण बहुतेकांत निकोटिन असतं, आणि निकोटिन गर्भाच्या मेंदूच्या आणि फुप्फुसांच्या घडणीत ढवळाढवळ करतं. गर्भारपणात नव्याने यातलं काहीही सुरू करू नका.

प्रश्न : सोडायचं ठरवलंय, तिसरा महिना आहे. नेमकं कसं सोडू? पट्ट्या, च्युइंगम, गोळ्या यांतलं काय चालतं? दोनदा सोडून पुन्हा सुरू झालं आहे.

उत्तर : हे पत्र आम्हाला सर्वांत आवडलं, कारण यात ‘का’ नाही, ‘कसं’ आहे.

तारीख ठरवा, आठवड्याच्या आतली. त्याआधीचे दोन-तीन दिवस प्रत्येक सिगारेटीची वेळ आणि निमित्त कागदावर लिहा: उठल्यावर, चहाबरोबर, फोनवर, जेवणानंतर, भांडणानंतर. साधारण चार-पाचच निमित्तं निघतील. प्रत्येकासमोर आधीच पर्याय लिहून ठेवा. ‘तेव्हा बघू’ हा पर्याय नाही, कारण तलफ आली की डोकं पर्याय शोधत नाही, काडेपेटी शोधतं. आदल्या रात्री पाकिटं, लायटर, ॲशट्रे घराबाहेर, आणि ‘अडीअडचणीला’ म्हणून कपाटात लपवलेलीसुद्धा.

त्रास पहिल्या तीन दिवसांत टोकाला असतो, दोन ते चार आठवड्यांत ओसरतो. एकेक तलफ काही मिनिटांचीच असते. ती पाच मिनिटं घालवायची: जागा बदला, पाणी घोट घोट प्या, दहा खोल श्वास घ्या, हाताला काम द्या. गर्भारपणात शरीर निकोटिनचा निचरा नेहमीपेक्षा बराच वेगाने करतं, त्यामुळे तलफ अधिक लवकर लवकर येते. ‘माझ्यातच जिद्द नाही’ असं वाटत असेल तर त्यामागे हे शरीरशास्त्र आहे.

आता एक बारकावा, जो सहसा कोणी सांगत नाही. धुरामुळे यकृत कॅफिन भराभर मोडतं. सिगारेट बंद केली की हा वेग काही दिवसांतच उतरतो आणि नेहमीच्याच कॉफीने रक्तातलं कॅफिन दुपटीपर्यंत चढतं. गर्भारपणात ते आणखी सावकाश उतरतं. मग छाती धडधडते, झोप लागत नाही, अस्वस्थ वाटतं, आणि बाई समजते की हे सिगारेट सोडल्यामुळे. सोडण्याच्या दिवसापासून चहा-कॉफी निम्मी करा. गर्भारपणात एरवीही दिवसाला २०० मिलिग्रॅम कॅफिनची मर्यादा पाळायला सांगतात. इन्स्टंट कॉफीचे दोन मग म्हणजे तेवढं झालं.

औषधांचं असं: पहिला उपाय समुपदेशन, आणि तेही एकदाच नव्हे. पहिल्या महिन्यात दर आठवड्याला भेट किंवा फोन ठेवा. त्याने जमलं नाही तर निकोटिनची पट्टी किंवा च्युइंगम. याबाबत तज्ज्ञ संस्थांचं एकमत नाही. ब्रिटनमध्ये गर्भवतींना ती देतात, तर अमेरिकेच्या प्रतिबंधक सेवा टास्क फोर्सने २०२१ मध्ये गर्भारपणातल्या औषधांबाबत पुरावा अपुरा असल्याचं नोंदवलं. आमचं मत स्पष्ट आहे: पट्टीत निकोटिन आहे, पण कार्बन मोनॉक्साइड आणि धुरातली बाकी हजारो रसायनं नाहीत. दोनदा प्रयत्न फसलेल्या स्त्रीने ओढत राहण्यापेक्षा डॉक्टरांच्या सल्ल्याने पट्टी लावणं बरं. पट्टी रात्री झोपताना काढायची, म्हणजे बाळाला काही तास निकोटिनविना मिळतात. रोज नव्या जागी, कोरड्या त्वचेवर लावायची.

च्युइंगम बहुतेक जण चुकीचं खातात. साध्या च्युइंगमसारखं सतत चघळलं तर निकोटिन लाळेबरोबर पोटात जातं, मळमळ आणि उचक्या होतात, आणि तलफ तशीच राहते. सावकाश चावा. तिखटसर चव किंवा झिणझिणी आली की थांबा आणि गाल व हिरडी यांच्यामध्ये धरून ठेवा. चव गेली की पुन्हा चार-दोनदा चावा. एक तुकडा अर्धा तास पुरतो. त्याआधी पाव तास कॉफी किंवा आंबट पेय नको, तोंड आम्लधर्मी झालं की निकोटिन शोषलं जात नाही. व्हॅरेनिक्लिन आणि ब्युप्रोपिऑन या गोळ्या गर्भारपणात स्वतःच्या मनाने अजिबात घेऊ नका.

मध्येच एखादी ओढली गेली तर ती एक सिगारेट झाली. पाकीट संपवायचं कारण होत नाही. कुठे, कशामुळे, ते कागदावर लिहा आणि त्या निमित्ताचा पर्याय बदला.

प्रश्न : आठवा महिना लागलाय. आता सोडून काय उपयोग?

उत्तर : बाळ सर्वांत जास्त वजन धरतं ते याच काळात, आठवड्याला सुमारे दोनशे ग्रॅम. शिवाय प्रसूतीच्या कळांमध्ये बाळाला ऑक्सिजनची तूट सोसावी लागते, त्या वेळी रक्तात कार्बन मोनॉक्साइड नसणं मोठी गोष्ट आहे. सिझेरियन झालं तर जखमही लवकर भरते.

प्रश्न : सोडणं जमत नाहीये. निदान जीवनसत्त्वांच्या गोळ्यांनी भरपाई होईल का?

उत्तर : पूर्ण नाही. फॉलिक ॲसिड रोज ४०० मायक्रोग्रॅम, शक्यतो दिवस राहण्याच्या महिनाभर आधीपासून, हे सर्वांनाच लागू. ओढणाऱ्यांच्या रक्तात फोलेट कमी असतं, म्हणून तुम्हाला जास्तच. सोडता न आलेल्या गर्भवतींना रोज ५०० मिलिग्रॅम क जीवनसत्त्व दिल्यावर नवजात बाळांच्या फुप्फुसांची क्षमता थोडी बरी आढळल्याचे चांगले अभ्यास आहेत. डॉक्टरांना विचारून घ्या. वजन, वार आणि वेळेआधीची प्रसूती यांवरचा हा इलाज नव्हे.

प्रश्न : बाळ दोन महिन्यांचं आहे. मी पुन्हा दिवसाला तीन-चार ओढायला लागले. अंगावरचं दूध बंद करू का?

उत्तर : दूध बंद करू नका. ओढणाऱ्या आईच्या बाळालाही अंगावरच्या दुधाचा फायदा होतो, विशेषतः छातीच्या संसर्गापासून. मात्र दुधात निकोटिन रक्तातल्यापेक्षा जास्त साठतं. त्याचं प्रमाण निम्मं व्हायला सुमारे दीड तास लागतो. म्हणून आधी पाजा, मग ओढा, आणि पुढच्या पाजण्याआधी जितकं जास्त अंतर पडेल तितकं पाडा. निकोटिनने प्रोलॅक्टिन हे दूध आणणारं संप्रेरक घटतं, दूध कमी होतं. ‘मला दूधच पुरत नाही’ या तक्रारीमागे कधी कधी हेच असतं. बाळ चिडचिडं, झोप कमी, हेही त्यामुळे होऊ शकतं.

झोपेचा नियम सर्वांत कडक: आई-बाबांपैकी कोणीही ओढत असेल तर बाळाला आपल्या अंथरुणात घेऊन झोपायचं नाही. त्याच खोलीत, पण वेगळ्या, सपाट आणि टणक गादीवर, पाठीवर झोपवायचं. उशी, मऊ दुलई, खेळणी जवळ नकोत.

प्रश्न : वय ३७, दिवसाला दहा-बारा सिगारेटी, गर्भनिरोधक गोळ्या चालू. ठीक आहे ना?

उत्तर : नाही. पस्तिशीनंतर धूम्रपान आणि इस्ट्रोजेन असलेल्या मिश्र गोळ्या एकत्र आल्या की हृदयविकार आणि पक्षाघाताचा धोका चढतो. दिवसाला पंधरा किंवा अधिक असतील तर या गोळ्या पूर्ण वर्ज्य. पंधराच्या आत असतील तरी सहसा देत नाहीत, तेव्हा मोजणी करून सवलत शोधू नका. तांबी किंवा फक्त प्रोजेस्टेरॉनच्या प्रकारातलं साधन तुम्हाला चालेल. ते ठरेपर्यंत कंडोम वापरा, म्हणजे मधे खंड पडणार नाही. आणि गर्भाशयमुखाची तपासणी करून घ्या: एचपीव्ही या, गर्भाशयमुखाच्या कर्करोगाला कारण ठरणाऱ्या विषाणूचा संसर्ग शरीराने आपणहून झटकून टाकायला हवा, ते काम धूम्रपानाने मंदावतं आणि कर्करोगाचा धोका वाढतो.

प्रश्न : डॉक्टरांना खरं सांगायची लाज वाटते. न सांगता चालेल का? तपासणीत कळतं का?

उत्तर : कळू शकतं. एका छोट्या यंत्रात फुंकर मारली की श्वासातला कार्बन मोनॉक्साइड दिसतो. ब्रिटनमध्ये गर्भवतीचा आकडा दहा लाखात चार भाग किंवा त्याहून जास्त आला की तिला मदत केंद्राकडे पाठवतात. लघवीत कोटिनीन हा निकोटिनचा अवशेष काही दिवस सापडतो. पण पकडलं जाण्याचा मुद्दा बाजूला ठेवा. तुम्ही लपवलंत तर कमी वजनाचं कारण डॉक्टर दुसरीकडे शोधत बसतील आणि वाढीच्या जादा सोनोग्राफी सुचवणार नाहीत. घरच्यांसमोर बोलायचं नसेल तर तपासणीच्या वेळी ‘दोन मिनिटं एकटीशी बोलायचंय’ एवढं म्हणा. मग तीन गोष्टी सांगा: दिवसाला किती, किती वर्षांपासून, आणि शेवटची कधी.